पहिलं जाकीट

१

आदर्शचा फोन आला तेव्हा मी त्याच्या वडिलांना गोळी घालत होतो. कागदावर, अर्थात. लोह्याच्या जाकीट कारखान्याचा इतिहास लिहायचं काम माझ्याकडं होतं आणि मी नेमका त्या प्रसंगाशी आलो होतो, जिथं पंढरी मिस्त्री आपण बनवलेलं पहिलं गोळीरोधक जाकीट स्वतःच अंगात घालतात आणि समोरच्या हवालदाराला म्हणतात, 'चालव बंदूक.' प्रसंग मोठा झकास उतरला होता. मी स्वतःवरच खूश होतो.

"सर, जाकीट गेलं," आदर्श म्हणाला.

"कुठलं?"

"पहिलं. बाबांचं. काचेच्या कपाटाला कुलूप तसंच आहे आणि आत काहीच नाही."

कारखान्याचं कागदोपत्री नाव पी. सी. प्रोटेक्शन. पी म्हणजे पंढरी, सी म्हणजे चांदपाशा. पण नांदेडपासून लातूरपर्यंत कुणालाही विचारा, तो जाकीट कारखानाच. चाळीस वर्षांपूर्वी पंढरी मिस्त्री लोह्यात ट्रॅक्टरच्या ट्रॉल्या बांधायचे आणि शेजारच्या पत्र्याच्या शेडमध्ये चांदपाशा ट्रकच्या सीटा शिवायचे. गल्लीतला दगडोबा पोलिसात लागला, त्याची गडचिरोलीकडं बदली झाली आणि तो काही परत आला नाही. त्याच्या अंगात नुसता खाकी सदरा होता. हे ऐकल्यावर या दोघांना चैन पडेना. ट्रकच्या स्प्रिंगचे जुने पाटे तापवून, ठोकून पंढरींनी छातीचा पत्रा केला. तो अंगाला बोचू नये म्हणून त्यांच्या आईनं, धोंडाबाईनं, आपली वाकळ, म्हणजे जुन्या लुगड्यांची गोधडी, कापून अस्तर दिलं. वर चांदपाशांनी सीटचं कापड शिवलं. झालं पहिलं जाकीट.

तिथून आज कुठं! आता तिथं हलक्या पत्र्यांची जाकिटं होतात, पोलिसांच्या चिलखती गाड्या होतात. खालून सुरुंग फुटला तर मार दोन्ही बाजूंना फाकून जावा म्हणून गाडीचा तळ होडीसारखा ठेवायचा, हे पंढरींनी मनावर घेतलं आणि तशी पहिली गाडी बांधली तिचं नाव ठेवलं 'धोंडाबाई'. मोठमोठ्या साहेबांना सलाम ठोकून सांगावं लागायचं, 'धोंडाबाई तयार आहे, सर.' या माणसांवर माझा जीव जडलाय तो असल्या गोष्टींमुळं.

पंढरी मिस्त्री मागच्या वर्षी जानेवारीत गेले. येत्या रविवारी कारखान्याची चाळिशी, माझ्या पुस्तकातल्या काही प्रकरणांचं वाचन, आणि आता हे.

"पोलिसात दिलं का?" मी विचारलं.

"शनिवारपर्यंत थांबतोय. नाही सापडलं तर मुनीबचं नाव देणार. मग कारखान्याचे दोन झाले तरी चालतील."

मुनीब म्हणजे चांदपाशांचा मुलगा. आदर्श आणि तो एका ताटात जेवून मोठे झालेले. मी फोन ठेवला. मागं वळून बघतो तर आमच्या सौभाग्यवती पायात चपला घालून तयार.

"उठा," पंचशीला म्हणाली. "मिस्त्रींना गोळी नंतर घाला."

२

पंचशीला पुरवठा खात्यात निरीक्षक होती. सरकारी धान्याला पाय फुटले की तिला बोलावत. ती गोदामात शिरली की भल्याभल्यांच्या तोंडचं पाणी पळायचं. रिटायर झाल्यापासून ही विद्या ती माझ्यावर वापरते.

अहमदपूरहून लोह्याला पोचलो. कारखान्यात इतिहासाची म्हणून एक खोली आहे. भिंतीवर फोटो, मधोमध काचेचं कपाट, आत हिरव्या मखमलीवर जाकिटाच्या आकाराचा एक रिकामा खळगा. तो खळगा बघून मला खरोखर भरून आलं. शेजारी पाटी होती : 'निर्माता : पंढरी मिस्त्री.'

"या पाटीवरनंच भांडण," आदर्श म्हणाला. चाळिशीतला शिकलेला माणूस, कंपनीचा मालक, पण तक्रार लहान मुलासारखी करत होता. "मागच्या आठवड्यात मीटिंगमध्ये मुनीब ओरडला, माझ्या बापानं शिवलं आन् नाव एकट्या तुझ्या बापाचं? म्हणाला, जाकीट अर्धं आमचं हाय. आणि काल संध्याकाळपासून जाकीट नाही."

"हाव, म्हणलो!" दारातून आवाज आला. मुनीब होता. "आन् आजबी म्हणतो. पर चोरी? मी? मॅडम, यालाच विचारा. हा ते जाकीट पुण्याच्या कुठल्या प्रदर्शनात मांडायचं म्हणून मागं लागला होता. यानंच गुपचूप पाठवलं आसंल."

"काल दोघं कुठं होता?" पंचशीलानं विचारलं.

आदर्श दिवसभर लातूरला होता. मुनीब मागच्या मैदानावर, नव्या पत्र्यांवर गोळ्या झाडून चाचणी घेत होता. किल्ली पंढरींच्या फोटोमागं खिळ्याला असते, हे दोन्ही घरांतल्या सगळ्यांना ठाऊक. ती जागच्या जागी होती.

पंचशीलानं कपाट उघडलं, डोकं आत घातलं आणि बराच वेळ बाहेरच काढलं नाही. मग बोटाला लागलेलं काहीतरी तिनं मला दाखवलं. पिठूळ पांढरट भुकटी आणि त्यात मोहरीपेक्षा लहान, तपकिरी, मेलेला एक किडा. मखमलीच्या कोपऱ्यात कडुनिंबाचं वाळलेलं पानही होतं.

"जुन्या कापडाची धूळ आहे, काकू," आदर्श म्हणाला.

"असेल," ती म्हणाली आणि भुकटी रुमालात बांधली. ती 'असेल' म्हणते तेव्हा ते नसतं, हे मी संसारात शिकलोय. "चाचांना भेटायचंय मला. नांदेडला असतात ना?"

दोघंही एकदम पुढं झाले.

"अब्बांना यातलं काही कळू देऊ नका," मुनीब म्हणाला. "डॉक्टरनं सांगितलंय, जिवाला घोर नको. पंढरीकाका गेल्यापासनं जेवणावर मनच न्हाई त्यांचं. लई खंगलेत, नुस्ती हाडं राहिलीत."

"चाचांना नाहीच सांगायचं," आदर्श म्हणाला. "कारखान्यातल्या सगळ्यांना ताकीद दिलीय मी."

सकाळपासून दोघांचं एकमत झालं ते एवढ्या एका गोष्टीवर.

३

फाटकावर वीरण्णा. देगलूरकडचा, भरघोस मिशांचा, कारखान्याइतकाच जुना. पंचशीला त्याच्या बाकावर ऐसपैस बसली.

"काल कोण आलं होतं?"

"कोणी न्हाई, अक्का. बाहेरचं चिटपाखरू न्हाई. माझ्या नजरेतनं कोण सुटंल?"

"बॅग, पोतं, गाठोडं घेऊन कुणी बाहेर गेलं?"

"डबा घेऊन गेले कामगार. डबा बी उघडून बघतो मी." तो दुखावला होता. "अय्यो, लोक माझ्याकडंच बघायलेत आता. थोरल्या मालकांनी मला ठिवलं इथं. लई कडक माणूस. माझ्या सायकलला लिंबू-मिरची बांधली होती मी, तर इथंच तोडून टाकली. म्हणाले, वीरण्णा, लिंबानं अपघात टळत आसता तर मी कारखाना कशाला काढला आसता?"

मी हसलो. पंढरी मिस्त्रींची विहारातली भाषणं मी ऐकली होती. अंगारा, गंडा, उतारा यांची नावं काढली तरी ते भडकायचे.

"आता बरं काय ते येवढंच," वीरण्णा पुढं बोलतच होता, "की चांदपाशाचाचांची तब्येत सुधारली. शाल पांघरून रिक्षात बसताना बघितलं, चांगलं अंग धरलंय. चालणं तेवढं सावकाश."

"म्हातारपण," मी म्हणालो. मला हे बोलणं पाल्हाळ वाटलं. पंचशीला मात्र उठता उठता परत बसली.

"वीरण्णा, कारखान्यात कबुतरं किती आहेत?"

हे ऐकून मलाच लाज वाटली. वीरण्णाही माझ्याकडं बघायला लागला.

"कबुतरं? अक्का, मागं रोज गोळीबार चालतो. इथं कावळा बी बसत न्हाई."

"कबुतरांचं काय मधेच?" बाहेर आल्यावर मी विचारलं.

"तुम्ही कपाटाजवळ उसासे टाकत होता तेव्हा मी रेणुकाक्काला फोन केला होता. चला तिच्याकडं. तुम्हालाही ऐकायला मिळेल."

४

रेणुकाक्का म्हणजे पंढरींची बायको, आदर्शची आई. लोह्यातल्या घरात पुढच्या खोलीत बाबासाहेबांचा आणि बुद्धाचा फोटो, त्याखाली पंढरींचा. जयभीम झाला, चहा झाला. अंगणात ज्वारीची पोती उतरलेली होती.

"अहमदपूरच्या शेतातली नवी ज्वारी," ती म्हणाली. "कालच सकाळी आली. आल्या आल्या दोन पोती चांदपाशाभाऊंकडं लावून दिली. हे करायचे तसं मीबी करायले. पयलं पोतं त्यांचं, मग आपलं."

"आणि कबुतरांचं सांगा ना परत. यांना."

"त्ये व्हय!" ती लाजल्यासारखी हसली. "नवी ज्वारी आली की हे एक मूठ ज्वारी रुमालात बांधून कारखान्यात न्यायचे. दर सालाला. कशाला म्हणलं, तर म्हणायचे, कबुतरांना. मी म्हणलं, आपल्या अंगणातल्या चिमण्यांनी काय पाप केलंय? तर चिडायचे." तिनं पदरानं डोळे पुसले. "ताई, पोरं बोलंनाशी झालीत. आदर्श काल जेवला न्हाई. मुनीबला मी अंगाखांद्यावर खेळवलंय. जाकीट गेलं तर जाऊ द्या, लोखंडच हाय ते. पर ही दोघं तुटली तर मी ह्यांच्या फोटोपुढं कोणत्या तोंडानं उभी राहू?"

एवढं बोलून ती आत गेली. इतिहास लिहिणाऱ्याला असं घर फुटताना बघायची वेळ येऊ नये.

गाडीत बसल्यावर पंचशीलानं माझी फोटोंची पिशवी मागितली. दर वर्धापनदिनाला पंढरी आणि चांदपाशा त्या जाकिटाला मधे धरून फोटो काढून घेत. पुस्तकासाठी मी ते सगळे जमवले होते. सुरुवातीचे पिवळे पडलेले, नंतरचे चकचकीत. दोघं जवान होते, मग पोक्त झाले, मग म्हातारे. माझं लक्ष त्यांच्या चेहऱ्यांवर.

"चेहरे नका बघू. जाकिटाचा खालचा डावा कोपरा बघा."

मी चष्मा वर सरकवला. कोपऱ्यावर जाड टाके होते. एका फोटोत खाकी दोरा. पुढच्या सालात हिरवा. त्याच्या पुढच्या सालात निळा. मग काळा. पुन्हा खाकी. बाकीचं जाकीट जसंच्या तसं, हा कोपरा तेवढा दर वर्षी उसवलेला आणि नव्यानं शिवलेला. शेवटच्या दोन फोटोंत मात्र एकच हिरवा दोरा.

"शेवटचा फोटो मिस्त्री गेल्यानंतरचा," मी म्हणालो. "चाचा एकटेच आहेत त्यात."

"हं. आता त्या दोन दिवट्यांना बोलवा. एकाच गाडीत बसायचं म्हणावं."

"चोर कळला तुला?"

"कळला," ती म्हणाली. "पण त्याला चोर म्हटलंत तर मी तुमच्या हातचं जेवणार नाही."

५

नांदेडच्या रस्त्याला चहाच्या टपरीपाशी तिनं कंपनीच्या ड्रायव्हरला गाडी थांबवायला लावली. आदर्श एका खिडकीशी, मुनीब दुसऱ्या. दोघांच्या मधे मी, तांदळाच्या पोत्यासारखा.

पंचशीलानं पुढच्या सीटवरून मागं वळून रुमाल उघडला.

"हा सोंडा. धान्यातला किडा. माझी नोकरी याच्याशी भांडण्यात गेली. हा कापड खात नाही, लोखंड तर नाहीच. आणि ही भुकटी त्यानं पोखरलेल्या दाण्याची. कडुनिंबाचं पान आपण धान्यात घालतो, बंदुकीच्या जाकिटात नाही. म्हणजे जाकिटाच्या आत धान्य होतं."

"जाकिटात धान्य?" आदर्श म्हणाला.

"कुठं, ते फोटोंत दिसतं. दर वर्षी एक कोपरा उसवला जायचा आणि परत शिवला जायचा. कुठलं धान्य, ते तुझ्या आईनं सांगितलं. नवी ज्वारी आली की तुझे बाबा एक मूठ कारखान्यात न्यायचे. कबुतरांना म्हणून. कारखान्यात कबुतर नाही."

आदर्शचा चेहरा बघण्यासारखा झाला. "बाबा? लिंबू-मिरची तोडणारे बाबा?"

"ते मला कळलेलं नाही, ते विचारायचंय. पण मागच्या वर्षी जानेवारीत मिस्त्री गेले. मागच्या साली ज्वारी बदललीच नाही, म्हणून दोरा तोच राहिला. जुन्या ज्वारीला सोंडे लागले. आणि यंदाची नवी ज्वारी कधी आली? काल, सोमवारी सकाळी. जाकीट कधी गेलं? सोमवारी. आता सांगा, मिस्त्रींच्या मागं ही गोष्ट कुणाला ठाऊक असेल? तो टाका घालायचा कोण?"

मुनीबचा हात दाराच्या मुठीवर घट्ट झाला.

"मुनीब, तू म्हणालास अब्बांची नुसती हाडं राहिलीत. वीरण्णा म्हणतो, चाचांनी अंग धरलंय. चालणं सावकाश आहे. तुम्ही दोघंही खरं बोलताय. माणूस खंगलेला आहे आणि जाड दिसतोय, म्हणजे शालीखाली काय असेल?"

टपरीवाल्यानं चहा आणला. कुणी हात लावला नाही.

"पर वीरण्णा तर म्हणला, कोणी आलं न्हाई," मुनीब हळूच म्हणाला.

"त्याच्या लेखी चाचा म्हणजे कोणी आलं असं होतच नाही. मालक घरी आले तर पाहुणे आले म्हणतो का आपण?"

"पर अब्बा मला आरोप लागताना गप्प कसे बसले?"

"आरोप त्यांच्या कानावर जाऊ दिलाय कुणी? तुम्हीच दोघांनी दार लावून ठेवलंय. त्यांना वाटतंय, जाकीट हललेलं कुणाच्या ध्यानातच आलेलं नाही."

आदर्शनं खिडकीबाहेर बघितलं. मग माझ्या मांडीवरून हात पलीकडं नेला आणि मुनीबच्या मनगटावर ठेवला. मुनीबनं मनगट काढून घेतलं नाही.

"एक कोडं राहिलंच," पंचशीला चहा उचलत म्हणाली. "मूठभर ज्वारी घालून चार टाके मारायला किती वेळ लागतो? हा एवढा मोठा कारागीर. काल नेलेलं जाकीट त्यांनी आज पहाटे परत का नाही ठेवलं?"

६

नांदेडच्या जुन्या भागातलं घर. मुनीबची बायको वहिदा दारातच म्हणाली, "अब्बा कालपासनं खोलीला आतनं कडी लावून बसायलेत. सुई मागून नेतात आन् चिडून परत आणून देतात. टोपी शिवून राहिले आसतील म्हणलं."

पंचशीलानं दोघांना दाराबाहेर उभं केलं, तोंड उघडायचं नाही असं बजावलं आणि कडी वाजवली.

चांदपाशा खरंच वाळून गेले होते. मोठमोठे डोळे, पांढरी दाढी, आणि कॉटवर चादरीखाली काहीतरी फुगलेलं. पंचशीलानं ओटीतून मूठभर ज्वारी काढून टेबलावर ठेवली. दाणे टपोरे, मोत्यासारखे. आम्ही लोह्याहून निघताना तिनं ती रेणुकाक्काकडून मागून घेतली होती.

"चाचा, नवी ज्वारी."

म्हाताऱ्यानं एक दाणा उचलून बोटांत फिरवला.

"पंढरीनं सांगितलं तुमाला?"

"मिस्त्री कसले सांगतायत! सोंड्यांनी सांगितलं."

त्यांनी चादर बाजूला केली. जाकीट होतं. डावा कोपरा उसवलेला, आतून धोंडाबाईच्या वाकळीचे रंगीत तुकडे डोकावत होते. एका तुकड्याला लुगड्याचा काठ होता.

"बसा, बाई. कुणाला तरी सांगायलाच पायजे होतं." त्यांनी जाकिटावरून हात फिरवला. "धोंडाबाई वाकळ कापू देईना. म्हणली, वाकळ उपाशी ठिवायची नसती. पांघरूण उपाशी राहिलं की पांघरणाऱ्याला खातं. तिनं कोपऱ्यात मूठभर ज्वारी घातली तवा कैची लावू दिली. आन् वचन घेतलं दोघांकडनं, दर सालाला नवी ज्वारी घालायची म्हणून. पंढरी म्हणला, आई, हे खूळ हाय. ती म्हणली, हाय तर हाय."

"आणि तरी दर वर्षी घातली?" मी विचारलं.

"आई मेल्यावर पयल्या साली म्हणला, आता सोडू. मी म्हणलो, सोड. रात्री झोपला न्हाई गडी. सकाळी मूठ घेऊन आला. म्हणला, चांद, कुणाला सांगू नको. विहारात भाषण देतो मी. मी म्हणलो, भाषण तुझं खरंच हाय, देत जा. पर माँ की बात अलग." ते हसले आणि हसता हसता डोळे भरले. "तवापासनं खोलीचं दार लावून बसायचो दोघं. बाहेर लोकांना वाटायचं, हिशेब चाललाय."

"आणि ती चाचणी?" मला राहवेना. "मिस्त्रींनी अंगात घालून गोळी झेलली, ती?"

"अंगात? कोण सांगितलं? घालणार होता येडा. धोंडाबाई बंदुकीसमोर येऊन मांडी घालून बसली, उठंच ना. मग ज्वारीच्या पोत्याला घातलं. गोळी अडकली. एक दाणा सांडला न्हाई पोत्यातला."

माझं झकास प्रकरण तिथल्या तिथं गतप्राण झालं. पंचशीलानं माझ्याकडं बघून भुवई उडवली. या बाईला माझी दया कधी येत नाही.

"चाचा, मग काल नेलेलं अजून इथं कसं?"

म्हाताऱ्यानं दोन्ही हात पुढं केले. ते थरथरत नव्हते. नुसते रिकामे होते.

"तो धरायचा," ते म्हणाले. "हे कापड लई जाड, आतून पत्रा ताणतो. दोन्ही हातांनी तोंड दाबून धरल्याबिगर टाका बसत न्हाई. चाळीस साल तो धरायचा, मी शिवायचो. मागच्या साली एकट्याला हिंमतच झाली न्हाई. गुडघ्यात धरून बघितलं, दारात अडकवून बघितलं. ज्वारी सांडून राहिली. एकट्याचं काम न्हाई हे, बाई. कुणाला हाक मारू? वचन दिलंय."

दार ढकललं गेलं. पुढं आदर्श, मागं मुनीब. पंचशीलानं त्यांना अडवलं नाही. तिला अडवायचं नव्हतंच.

चांदपाशा दचकले. "तुमी दोघं? एकदम? काय झालं? कारखान्यात काय झालं का?"

दोघांनी एकमेकांकडं बघितलं.

"काही न्हाई, अब्बा," मुनीब म्हणाला.

"काही नाही, चाचा. असंच आलो," आदर्श म्हणाला. आणि जमिनीवर मांडी घालून त्यानं जाकिटाचा कोपरा दोन्ही हातांत धरला. "असं धरायचे बाबा?"

"जरा वर. अंगठा आत घाल. हां."

मुनीबनं दाभणात दोरा ओवला. ज्वारी चांदपाशांनी घातली, कडुनिंबाची दोन पानं घातली. "ताणून घे," ते लेकाला म्हणाले, "सीट शिवतोस का काय? हे अंगाला लागणार हाय." मुनीबनं निमूटपणे टाका उसवला आणि परत घातला. तीन माणसं त्या कोपऱ्यावर वाकलेली होती. मी खिडकीबाहेर बघत राहिलो, कारण मला रडू येत होतं आणि बायकोसमोर रडायची माझी तयारी नव्हती. तिकडं बघितलं तर ती आधीच पदरानं डोळे पुसत होती.

७

"आता परत कसं न्यायचं?" दोरा तोडल्यावर मुनीब म्हणाला. "आन् तेबी कुणाला कळू न देता?"

"जसं आलं तसं," चांदपाशा म्हणाले. "मी घालतो. शाल दे."

"चाचा, बसा तुम्ही," आदर्श म्हणाला आणि त्यानं जाकीट स्वतःच्या डोक्यातून आत घातलं. ते त्याला बरोबर बसलं. खांद्याला नाही, पोटाला नाही, कुठं बोट घालायला जागा नाही. पंढरींच्या मापाचंच होतं ते.

चांदपाशा उठले. कुशीचा पट्टा त्यांनी ओढला, बक्कल लावलं, आणि सवयीनं छातीवर दोन थापा मारल्या. मग हात तिथंच राहिला.

"पंढरीच उभा राहिल्यावानी वाटून राहिलं," ते म्हणाले. "आता कशाची भीती न्हाई."

आदर्शनं त्यांना मिठी मारली. पत्रा मधे होता, त्यामुळं मिठी जरा कडकच झाली असणार.

रविवारी सकाळी काचेच्या कपाटावर नवी पाटी लागली. तीन नावं, आणि पहिलं धोंडाबाईचं. नावांचा क्रम आदर्श आणि मुनीबनं दोघांनी मिळून ठरवला. माझं चाचणीचं प्रकरण मी शुक्रवारीच नव्यानं लिहून काढलं होतं, त्यात आता पंढरींच्या जागी पोतं आहे आणि बंदुकीसमोर एक म्हातारी. पंचशीला म्हणते, पहिल्यापेक्षा बरं जमलंय. कोपऱ्यातल्या ज्वारीबद्दल मात्र मी एक अक्षर लिहिलं नाही. दिलेलं वचन त्यांचं आहे, माझं नाही, पण पाळायला काय हरकत आहे?

पण ही रविवारची गोष्ट. जाकीट परत गेलं त्या मंगळवारी संध्याकाळी आम्ही गाडी फाटकाबाहेर थांबवली. आदर्श शाल पांघरून उतरला. एका बाजूला मुनीब, दुसऱ्या बाजूला, डॉक्टरला न जुमानता, चांदपाशा. तिघं सावकाश चालत आत गेले. वीरण्णानं उठून सलाम केला, आदर्शला खालपासून वरपर्यंत न्याहाळलं आणि कौतुकानं मिशीवर हात फिरवला.

थोड्या वेळानं मी त्याच्या बाकाशी गेलो.

"काय वीरण्णा, आज कोण आलं होतं का?"

"कोणी न्हाई, सर," तो म्हणाला. "घरचीच माणसं."